अज्ञानाची मिळकत आणि पालकाची सही

कायद्याच्या मराठीत ‘अज्ञान’ हा शब्द बुद्धी कमी असलेल्या माणसासाठी वापरीत नाहीत. ज्याच्या वयाला अठरा वर्षे पुरी झाली नाहीत तो अज्ञान आणि ज्याची झाली तो सज्ञान, एवढाच त्याचा अर्थ. ही अठराची रेषा आपल्या देशात १८७५ च्या कायद्याने आखली. रेषेच्या अलीकडे असलेल्या मुलाला स्वतः करार करता येत नाही. मिळकत मात्र त्याच्या नावावर असू शकते. बाप वारला, आजोबांनी मृत्युपत्र केले, किंवा बापाने हौसेने प्लॉट मुलाच्या नावे घेतला, की पाळण्यातले मूलही मालक होते. मालकी एकाची आणि सही दुसऱ्याची, अशी ही स्थिती आहे. आणि अशी स्थिती जेथे असते तेथे कज्जा उद्भवावयाचाच.

आम्ही वकील नव्हे. शाळाही आमची अर्ध्यावर सुटली. कायद्याची जी काही ओळख झाली ती कामगारांचे कागद वाचता वाचता. युनियनचा सभासद वारला की कचेरीत पहिल्याने फंडाचे, ग्रॅच्युइटीचे व नुकसानभरपाईचे कागद येतात, आणि त्यांच्या मागोमाग गावाकडचा सात-बाराचा उतारा येतो. त्या उताऱ्यावर मुलांच्या नावापुढे ‘अ. पा. क.’ अशी तीन अक्षरे असतात. ती अज्ञान पालनकर्त्याची खूण, म्हणजे नाव मुलाचे आणि कारभार दुसऱ्याचा. पुष्कळांना ह्या अक्षरांचा अर्थ ठाऊक नसतो. तो कळतो तेव्हा जमीन विकली जाऊन वर्षे लोटलेली असतात. म्हणून ह्या विषयावर, वकिलांची क्षमा मागून, चार गोष्टी सांगण्याचे आम्ही योजले आहे.

प्रथम एक उदाहरण घेऊ. समजा, एक कामगार वारला. मागे विधवा पत्नी, नऊ वर्षांचा मुलगा आणि सहा वर्षांची मुलगी. गावी त्याने स्वतःच्या कमाईने घेतलेली तीन एकर जमीन. मृत्युपत्र नाही. त्याची आई हयात नाही. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याप्रमाणे ह्या तिघांना सारखे वाटे मिळतात, म्हणजे विधवेचा एक एकर, मुलाचा एक आणि मुलीचा एक. आता औषधपाण्याचे देणे अंगावर आहे, चाळीतल्या खोलीचे भाडे थकले आहे, आणि भाऊबंदांपैकीच कोणी म्हणतो, “वहिनी, मी घेतो जमीन. रोख पैसे देतो.” दस्त लिहिला जातो. विधवा एक सही स्वतःसाठी करते आणि दोन सह्या ‘अज्ञान पालनकर्ती आई’ म्हणून. दस्त नोंदला जातो, फेरफार होतो, तलाठ्याच्या दप्तरी नवे नाव लागते. सर्वांना वाटते, तीन एकर विकली गेली.

कायद्याने पाहिले तर पक्की विकली गेली ती एकच एकर. उरलेल्या दोन एकरांच्या विक्रीवर टांगती तलवार आहे आणि ती बारा-पंधरा वर्षे तशीच टांगलेली राहते. ती कशी, हे समजून घेण्यासाठी थोडे मागे जावे लागेल.

जुना न्याय

इंग्रजी अमदानीत ह्या प्रश्नाचा पाया १८५६ साली घातला गेला. हनुमानप्रसाद पांडे ह्या सावकाराचे प्रकरण लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपुढे गेले होते. एका अज्ञान वारसाच्या इस्टेटीचा कारभार त्याची आई पाहत होती आणि तिने इस्टेटीपैकी मिळकत गहाण टाकली होती. मुलगा मोठा झाल्यावर त्याने हे गहाण आपल्यावर बंधनकारक नाही असे म्हटले. प्रिव्ही कौन्सिलने जो दंडक सांगितला तो आजही वकिलांच्या तोंडी असतो. अज्ञानाची मिळकत सांभाळणाऱ्याचा अधिकार मर्यादित आहे. इस्टेटीवर खरीखुरी निकड आली असेल, एखादे संकट टाळावयाचे असेल, किंवा इस्टेटीचे हित होत असेल, तरच त्याने ती गहाण टाकावी. सावकाराने निकड आहे की नाही याची प्रामाणिकपणे चौकशी केली पाहिजे. तशी चौकशी त्याने केली असेल तर पुढे कारभाऱ्याने पैसा कोठे खर्च केला हे पाहण्याची जबाबदारी सावकारावर नाही. मात्र जे संकट सावकाराच्याच संगनमताने उभे राहिले त्याचा फायदा त्याला मिळणार नाही.

ह्या न्यायात शहाणपण आहे यात शंका नाही. पण त्याचा सर्व भर मागाहून होणाऱ्या चौकशीवर होता. आधी व्यवहार, नंतर वाद, आणि मग वीस वर्षांपूर्वी घरात धान्य होते की नव्हते याच्या साक्षी. निकड होती असे सांगणारे साक्षीदार बहुधा विकत घेणाऱ्याच्या आळीतले असत, आणि निकड नव्हती असे सांगावयाला त्या वेळचा पाच वर्षांचा मुलगा!

पुढे एक निराळा प्रश्नही सुटला. अज्ञानाने स्वतःच सही केली तर? कलकत्त्याच्या धर्मोदास घोष नावाच्या अज्ञान मालकाने १८९५ साली एका सावकाराला आपली घरे गहाण लिहून दिली होती. १९०३ साली मोहोरीबीबीच्या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने ठरविले की, अज्ञानाने स्वतः केलेला करार मुळातच शून्य. सावकाराच्या माणसाला मुलगा अज्ञान असल्याची सूचना आधीच मिळाली होती, त्यामुळे दिलेले पैसे परत मागण्याची त्याची मागणीही फेटाळली गेली.

मध्यंतरी १८९० साली पालक व पाल्य कायदा झाला. न्यायालयाने नेमलेल्या पालकाने न्यायालयाची आगाऊ परवानगी घेतल्यावाचून पाल्याची स्थावर मिळकत विकू नये, गहाण टाकू नये, असे त्यात आहे. पण आईबाप हे न्यायालयाने नेमलेले पालक नव्हेत. ते जन्माने झालेले, म्हणजे नैसर्गिक पालक. परवानगीची अट त्यांना लागू नव्हती, आणि बहुसंख्य व्यवहार तर त्यांच्याच हातून होत. ही फट साठ-पासष्ट वर्षे उघडी राहिली.

१९५६ चा कायदा

हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायदा १९५६ साली आला आणि त्याच्या आठव्या कलमाने ही फट बुजविली. ह्या कलमाचा आशय प्रत्येक घरात माहीत असावा. नैसर्गिक पालकाला मुलाच्या हितासाठी आवश्यक व वाजवी अशी कामे करता येतात. पण मुलाची स्थावर मिळकत विकणे, गहाण टाकणे, बक्षीस देणे किंवा अदलाबदल करणे यासाठी न्यायालयाची परवानगी आधी घेतली पाहिजे. पाच वर्षांहून अधिक मुदतीचा भाडेपट्टा, किंवा मूल सज्ञान झाल्यावर एक वर्षाच्या पलीकडे जाणारा भाडेपट्टा, यालाही तीच अट आहे. परवानगी केव्हा द्यावयाची हेही कायद्याने सांगितले आहे. एक तर निकड असली पाहिजे, नाहीतर मुलाचा उघड फायदा असला पाहिजे.

परवानगीवाचून व्यवहार झाला तर तो काय होतो? येथे दोन शब्दांतील भेद लक्षात ठेवला पाहिजे. एक व्यवहार ‘शून्य’ असतो आणि दुसरा ‘रद्द होण्याजोगा’. शून्य व्यवहार म्हणजे मुळात झालाच नाही असा. रद्द होण्याजोगा व्यवहार मात्र झालेला असतो. तो चालतो, त्यावर पीक निघते, कर्जही निघते. फक्त तो मोडण्याचा अधिकार एका माणसाच्या हाती असतो आणि तो माणूस म्हणजे ते मूल, किंवा त्याच्यामार्फत हक्क सांगणारा. नैसर्गिक पालकाने परवानगीवाचून केलेली विक्री ही ह्या दुसऱ्या जातीची आहे. मुलाने ती मोडली नाही तर ती कायमची पक्की होते. आमच्या उदाहरणातील दोन एकरांवरची टांगती तलवार ती हीच.

विकत घेणारे येथे हमखास एक युक्तिवाद करतात. “अहो, घरात खरीच निकड होती. पैसा मुलांच्या तोंडीच गेला.” हे खरेही असेल. पण निकड होती म्हणून परवानगीची अट माफ होते असे ह्या कलमात लिहिलेले नाही. निकड ही परवानगी मिळविण्याचे कारण आहे. परवानगीच्या जागी ती बसत नाही. मात्र व्यवहार रद्द करताना, मुलाच्या हितासाठी खरोखर खर्ची पडलेली रक्कम त्याने परत करावी असे न्यायालय सांगू शकते. तेव्हा जमीनही परत आणि पैसाही आपलाच, अशा हिशेबाने कोणी न्यायालयाची पायरी चढू नये.

आई, बहीण, काका

नैसर्गिक पालक कोण? कायद्याचे शब्द असे आहेत की, पिता आणि त्याच्या ‘नंतर’ माता. ह्या एका शब्दावरून पुष्कळ अन्याय झाला. बाप जिवंत आहे, पण घर सोडून गेला आहे, किंवा व्यसनात बुडाला आहे. मुलांचे सारे आई पाहते. तरी सहीचा अधिकार तिला नाही, असा अर्थ लावला जाई. १९७० साली सर्वोच्च न्यायालयापुढे आलेल्या एका जमिनीच्या खटल्यात आई बापापासून कित्येक वर्षे वेगळी राहत होती आणि मुलीची जमीन तीच सांभाळीत होती. बाप असून नसल्यासारखा आहे, सबब आईच पालक, असे न्यायालयाने मानले. पुढे लेखिका गीता हरिहरन यांनी मुलाच्या नावे रिझर्व्ह बँकेचे रोखे घेण्यासाठी केलेल्या अर्जावरून वाद उभा राहिला, आणि फेब्रुवारी १९९९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, ‘नंतर’ म्हणजे केवळ मृत्यूनंतर नव्हे. बाप मुलाकडे पाहत नसेल, दूर असेल, असमर्थ असेल, तेव्हाही आई नैसर्गिक पालक आहे. शब्द तेच राहिले, पण त्यांच्या आत जागा झाली.

आईबाप सोडून इतरांची गोष्ट वेगळी. काका, मामा, आजी, थोरली बहीण यांनी मुलाला प्रेमाने वाढविले असेल, पण अकराव्या कलमाने सांगितले आहे की, केवळ प्रत्यक्षात सांभाळ करतो एवढ्या आधारावर कोणालाही अज्ञानाच्या मिळकतीचा व्यवहार करता येणार नाही. असा व्यवहार शून्य. कर्नाटकातील एका प्रकरणात थोरल्या बहिणीने धाकट्या अज्ञान बहिणीचा हिस्सा विकला होता. २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने घेणाऱ्याला काहीही मिळाले नाही असे ठरविले. मुसलमान कुटुंबांत तर आईलाही मिळकतीच्या बाबतीत हा अधिकार आपोआप नाही. प्रिव्ही कौन्सिलने १९१८ साली इमामबंदीच्या खटल्यात तसे स्पष्ट केले. तिने १८९० च्या कायद्याखाली न्यायालयाकडून पालक म्हणून नेमणूक घ्यावी आणि मग परवानगी मागावी, हा सरळ मार्ग आहे.

एकत्र कुटुंबाची गुंतागुंत

यापुढचा भाग अवघड आहे, आणि सर्वांत अधिक खटले येथेच होतात. १९५६ च्या कायद्याने एकत्र कुटुंबाच्या मिळकतीतील अज्ञानाचा अविभक्त हिस्सा आठव्या कलमाच्या बाहेर ठेवला आहे. वाटणी झालेली नाही, कर्ता कारभार पाहतो, आणि कुटुंबाच्या निकडीसाठी तो जमीन विकतो, अशा वेळी न्यायालयाची परवानगी लागत नाही. १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने तसा निर्वाळा दिला आहे. तेथे १८५६ चा जुना न्यायच चालतो. निकड होती की नव्हती, एवढाच वाद.

त्यामुळे घेणारा म्हणतो, मिळकत एकत्र कुटुंबाची होती. मुलगा म्हणतो, ती माझ्या बापाची स्वतंत्र होती व मला वारसाने आली. सात-बारावर कोठे ‘ए. कु. मॅ.’ म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर असे लिहिलेले असते, कोठे ‘अ. पा. क.’, आणि कोठे दोन्ही, लिहिणाऱ्याच्या मर्जीप्रमाणे! मग आजोबांची खरेदी कोणत्या पैशाने झाली, वाटणी केव्हा झाली, चूल केव्हा वेगळी झाली, यावर वर्षेच्या वर्षे पुरावा चालतो. आमचे सांगणे इतकेच की, वाटणी झाली असेल तर ती तोंडी ठेवू नका, नोंदवून घ्या. भावाभावांतील गोडी असते तोवर कागद नको वाटतो, आणि कागद हवा होतो तेव्हा गोडी उरलेली नसते.

तीन वर्षांची घटिका

अज्ञानाच्या जमिनीला मुदत नसते, अशी एक समजूत गावोगाव आहे. ती साफ चुकीची आहे आणि तिने अनेकांचे नुकसान केले आहे. १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातील साठावा अनुच्छेद सांगतो की, पालकाने केलेला व्यवहार रद्द करून घेण्यासाठी मुलाला सज्ञान झाल्यापासून तीन वर्षे मिळतात. अठराव्या वर्षापासून मोजावयाचे, म्हणजे एकविसाव्या वर्षापर्यंत. मूल अज्ञान असतानाच वारले तर त्याच्या वारसांना मृत्यूपासून तीन वर्षे.

आमच्या उदाहरणातील मुलगा विक्रीच्या वेळी नऊ वर्षांचा. तो नऊ वर्षांनी सज्ञान होईल आणि बाराव्या वर्षी त्याची मुदत संपेल. मुलगी सहा वर्षांची. तिची मुदत पंधराव्या वर्षी संपेल. आता अठरा ते एकवीस ह्या वयात कामगाराचा मुलगा काय करीत असतो? कोणी कंत्राटी कामावर लागलेला असतो, कोणी आय. टी. आय.त असतो, कोणी नोकरी शोधत हिंडत असतो. गावच्या जमिनीचा कागद काढून पाहण्याची ती वेळ नव्हे. मुलीचे बहुधा लग्न ठरलेले असते, आणि माहेरच्या जमिनीची विचारपूस करणे तिला शोभत नाही असे तिला सांगितलेले असते. ही तीन वर्षे अशी निघून जातात की गेल्याचे कळतही नाही.

शिवाय वयाचा पुरावा. जुन्या शाळांतून किती मुलांची जन्मतारीख १ जून लिहिलेली असे, हे श्रोत्यांपैकी अनेकांना स्वतःच्या दाखल्यावरून ठाऊक असेल. गुरुजींनी सोयीसाठी घातलेली तारीख, पण तिच्यावरून मुदत आत की बाहेर हे ठरू शकते. म्हणून जन्माच्या नोंदीचा दाखला वेळीच काढून ठेवावा.

दाव्यात काय मागावयाचे हेही महत्त्वाचे. सर्वोच्च न्यायालयाने २००१ साली निकालात काढलेल्या एका प्रकरणात आईने केलेल्या विक्रीविरुद्ध दावा झाला, पण त्यात फक्त ताबा मागितला होता. खरेदीखत रद्द करा ही मागणी मागाहून दुरुस्तीने घातली. तोवर मुदत गेली होती. व्यवहार रद्द होण्याजोगा असेल तर तो आधी रद्द झाला पाहिजे, नुसता ताबा मागून भागत नाही, असे ठरले आणि दावा बुडाला. २०१९ सालीही सर्वोच्च न्यायालयाने हाच विचार पुन्हा सांगितला.

यावर ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एक निराळी बाजू स्पष्ट केली. कर्नाटकात दावणगेरेजवळ एका बापाने १९७१ साली आपल्या तीन अज्ञान मुलांच्या नावे प्लॉट घेतले आणि पुढे न्यायालयाची परवानगी न घेता विकून टाकले. मुले सज्ञान झाल्यावर त्यांनी आईसह तेच प्लॉट दुसऱ्या माणसाला विकले. बापाकडून घेणारा खरा की मुलांकडून घेणारा? न्यायालयाने सांगितले की, बापाची विक्री नाकारण्यासाठी प्रत्येक वेळी दावाच केला पाहिजे असे नाही. मुदतीच्या आत मुलाने स्पष्ट वर्तनाने ती नाकारली, उदाहरणार्थ तीच मिळकत दुसऱ्याला विकली, तर तेही पुरे. हा निकाल मोलाचा आहे. पण त्याचा अर्थ दावा नकोच असा कोणी घेऊ नये. मिळकत विकत घेणाऱ्याच्या ताब्यात असेल, तर तीन वर्षांच्या आत योग्य मागणीचा दावा लावणे हाच सुरक्षित मार्ग. आणि अठरा वर्षांची वाट पाहावयाचीही गरज नाही. मूल अज्ञान असतानाही त्याच्या वतीने ‘वादमित्र’ म्हणून दुसरा माणूस दावा आणू शकतो.

हा आईवर अविश्वास आहे काय?

परवानगीच्या अटीबद्दल एक आक्षेप आम्ही कामगार वस्त्यांतून वारंवार ऐकला आहे. “जिने जन्म दिला त्या आईला न्यायाधीशाची परवानगी? तिच्यापेक्षा त्या साहेबाला मुलांची काळजी अधिक?” हा आक्षेप भावनेला पटणारा आहे; पण तो चुकीच्या जागी बोट ठेवतो. कायदा आईच्या प्रेमाबद्दल संशय घेत नाही. आईवर जो दाब येतो त्याचा तो विचार करतो. नवरा जाऊन दोन महिने झाले आहेत, दिवसांचा खर्च दिराने केला आहे, आणि तोच दीर जमीन मागतो आहे. त्या बाईला नाही म्हणावयाची सोय कोठे आहे? “मी काय करू, कोर्टाची परवानगी लागते,” हे एक वाक्य तिला कायद्याने दिले आहे. ज्या माणसाला नाही म्हणण्याची ताकद नसते त्याच्या वतीने कायदा नाही म्हणतो. युनियनच्या कामात हेच तत्त्व आम्ही आयुष्यभर पाहत आलो. एकटा कामगार मालकापुढे कमी पगाराला हो म्हणेल; म्हणून किमान वेतनाचा कायदा त्याच्या ‘हो’लाच मान्यता देत नाही.

कामगारांच्या कायद्यात याचे एक चांगले उदाहरण आहे. कामगार अपघातात मेला तर भरपाईची रक्कम मालकाने परस्पर विधवेच्या हाती देऊन पावती घेऊ नये, ती आयुक्ताकडे जमा करावी, असा नियम १९२३ च्या नुकसानभरपाई कायद्याने घातला. आयुक्ताने वारसांचे वाटे ठरवावेत आणि मुलांचा वाटा त्यांच्या हितासाठी गुंतवून ठेवावा. सुरुवातीला लोकांना हा जाच वाटे. पण अशा गुंतविलेल्या पैशावर मुलांची शाळा पुरी झालेली आम्ही पाहिली आहे. जमिनीच्या बाबतीतही परवानगी देताना न्यायालय अटी घालू शकते. लिलावाने अधिक किंमत देणाऱ्यास विका, आलेला पैसा न्यायालयात भरा, तो गुंतवा, असे ते सांगू शकते. परवानगी म्हणजे केवळ शिक्का नव्हे. मुलाच्या वाट्याचा पैसा मुलाला पोचावा याची ती तजवीज आहे.

खरा दोष निराळा आहे. परवानगीची वाट गरिबाला लांब पडते. जिल्ह्याच्या ठिकाणी जा, वकील करा, नोटिसा काढा, तारखा मोजा. आणि तिकडे देणेकरी दारात. म्हणून बाई परवानगीवाचून विकते. आणि परवानगी नाही हे घेणाऱ्याला ठाऊक असते, म्हणून तो किंमत पाडून मागतो. म्हणजे कायद्याने जे संरक्षण दिले त्याचीच किंमत तिच्या पदरातून वसूल होते! श्रीमंतांच्या अज्ञान मुलांचे अर्ज न्यायालयात रीतसर जातात. ज्यांच्यासाठी हा कायदा विशेष हवा, त्यांचे दस्त त्याला वळसा घालून होतात.

ह्या अडचणीवर उपाय अगदीच नाही असे नाही. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे स्त्रियांना आणि मुलांना, त्यांचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती असते. तेथे साधा अर्ज करावा. दुसरे, परवानगी नाकारली गेली तर तिच्यावर अपील आहे. तिसरे, निकड तात्पुरती असेल तर विकण्याऐवजी पाच वर्षांच्या आतील मुदतीने जमीन भाड्याने देता येते का, हे कूळकायद्याचा सल्ला घेऊन पाहावे. जमीन गेली की परत येत नाही. पाच वर्षे मात्र पाहता पाहता जातात.

विकत घेणाऱ्यांनाही दोन शब्द सांगितले पाहिजेत, कारण तेही पुष्कळदा आपल्यासारखेच कष्टकरी असतात. निवृत्तीचा पैसा एका गुंठ्यात घालणारा शिपाई किंवा फिटर, त्याला कज्जात अडकविणे कोणालाच आनंदाचे नाही. सात-बारावर ‘अ. पा. क.’ दिसले की थांबा. न्यायालयाच्या हुकमाची नक्कल मागा. हुकूम दस्ताच्या आधीचा आहे ना, त्यात गट नंबर व अटी कोणत्या आहेत, हे पाहा. मागच्या तीस वर्षांच्या दस्तांत कोठे अज्ञानाची विक्री झाली आहे का, झाली असेल तर ते मूल आज किती वर्षांचे आहे, हे विचारा. दस्त नोंदला गेला आणि फेरफार मंजूर झाला म्हणजे मालकी सिद्ध झाली, असे समजू नका. दस्त नोंदला जातो तो झाला याची साक्ष म्हणून, आणि सात-बारा आहे सारावसुलीसाठी.

शेवटी ज्या घरांत बाप गेला आहे आणि मुले मोठी होत आहेत त्यांना आमची एकच विनंती. मुलगा असो वा मुलगी, अठरावा वाढदिवस झाला की त्या वर्षातच गावचा सात-बारा, फेरफाराचे उतारे आणि बापाच्या पश्चात झालेल्या प्रत्येक दस्ताची नक्कल काढा. नाव शाबूत असेल तर ‘अ. पा. क.’चा शेरा कमी करण्याचा अर्ज तलाठ्याकडे द्या. जमीन विकली गेली असेल तर आईवर रागावू नका. तिने कोणत्या दिवसांत सही केली हे आधी विचारा, आणि मग परवानगी होती की नव्हती हे पाहा. व्यवहार चांगल्या कारणासाठी, वाजवी किंमतीला झाला असेल तर तो तसाच राहू द्यावा, यात कमीपणा नाही. पण फसवणूक झाली असेल तर एकविसाव्या वर्षाच्या आत विधी सेवा समितीची पायरी चढा. युनियनची कचेरी जवळ असेल तर तेथे या. कागद वाचून दाखविणारा माणूस तेथे मिळेल, आणि ह्या कामाची फी आम्ही घेत नाही.